उत्सवासाठी हत्ती नेताना: परवानगी कोणाची, कशासाठी आणि कोणत्या अटींवर

जुलै २०२५ मध्ये शिरोळ तालुक्यातील नांदणीच्या जैन मठातील महादेवी ऊर्फ माधुरी ही हत्तीण न्यायालयाच्या आदेशाने गुजरातमधील जामनगरच्या ‘वनतारा’ या प्राणी संगोपन केंद्राकडे रवाना झाली, तेव्हा कोल्हापूर जिल्हा रस्त्यावर उतरला. १९९२ पासून ज्या गावाने तिला डोळ्यांसमोर वाढताना पाहिले, त्या गावाचे दुःख खरे होते आणि त्याची थट्टा करण्याचे कारण नाही. त्या गदारोळात एका मुद्द्याची चर्चा मात्र फारशी झाली नाही. या प्रकरणात हत्तिणीच्या पायांची दुखणी आणि तिचे एकटेपण यांच्या जोडीला आणखी एक आक्षेप होता. तिला तेलंगणातील मोहरमच्या मिरवणुकीसाठी आवश्यक त्या परवानगीशिवाय महाराष्ट्राबाहेर नेले गेले, असा तो आक्षेप होता आणि त्यावरून वन विभागाची कारवाईही झाली होती.

एका धर्माच्या मठातील हत्तीण दुसऱ्या धर्माच्या मिरवणुकीला जाते, ही आपल्याकडची जुनी आणि सुंदर रीत आहे. पण ती हत्तीण राज्याची हद्द ओलांडते तेव्हा कायदा तिच्याबरोबर चालू लागतो. हा कायदा नेमका काय म्हणतो, हे यात्रा समित्यांना, देवस्थानांच्या विश्वस्तांना आणि मिरवणूक पाहायला जाणाऱ्या भाविकांनाही समजायला हवे, म्हणून हा लेख.

हत्ती मालकाचा असतो, पण किती?

पहिला गोंधळ मालकीचा आहे. बैल, घोडा किंवा म्हैस यांची मालकी आपल्याला ठाऊक असते. विकत घ्यावे, विकावे, बाजारात न्यावे, भावाला द्यावे. हत्तीचे तसे नाही. वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ या कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत १९७७ मध्ये हत्तीचा समावेश झाला, म्हणजे वाघाला जे संरक्षण आहे तेच हत्तीलाही मिळाले. फरक इतकाच की वाघ कोणाच्या अंगणात बांधलेला नव्हता आणि हत्ती पिढ्यान्‌पिढ्या मठ, मंदिरे, संस्थाने, सर्कशी आणि लाकडाच्या वखारी यांच्याकडे होता. त्यामुळे कायद्याला एक मधला मार्ग काढावा लागला. ज्यांच्याकडे हत्ती आधीपासून आहे त्यांनी तो जाहीर करावा आणि मुख्य वन्यजीव रक्षकाकडून, म्हणजे राज्याच्या वन विभागातील वन्यजीवांसाठीच्या सर्वोच्च अधिकाऱ्याकडून, मालकी प्रमाणपत्र घ्यावे, अशी सोय झाली. हे प्रमाणपत्र कलम ४२ खाली मिळते आणि ते देण्यापूर्वी हत्तीसाठी पुरेशी जागा, निवारा व देखभालीची व्यवस्था आहे का, हे पाहणे अपेक्षित असते.

या प्रमाणपत्राने हत्ती ठेवण्याचा अधिकार मिळतो, पण त्याचे हवे ते करण्याचा अधिकार मिळत नाही. कलम ४० नुसार अनुसूचीतील प्राणी ताब्यात घेणे, दुसऱ्याकडे देणे किंवा त्याची वाहतूक करणे यांसाठी मुख्य वन्यजीव रक्षकाची लेखी पूर्वपरवानगी लागते. कलम ४३ नुसार असा प्राणी विकता येत नाही, विक्रीला काढता येत नाही आणि व्यापारी स्वरूपाच्या कोणत्याही मोबदल्यावर दुसऱ्याला देता येत नाही. २००३ मध्ये लागू झालेल्या दुरुस्तीनंतर ही मनाई पक्की झाली. बिहारमधील सोनपूरच्या जत्रेत भरणारा हत्तींचा बाजार एकेकाळी देशभर प्रसिद्ध होता. त्याला उतरती कळा लागली, ती याच तरतुदीमुळे.

याच कलम ४३ मध्ये २०२२ साली आणखी एक वाक्य जोडले गेले आणि आजचा सगळा वाद त्या वाक्याभोवती फिरतो. वैध मालकी प्रमाणपत्र असलेल्या व्यक्तीने धार्मिक किंवा अन्य कोणत्याही कारणासाठी पाळीव हत्तीचे हस्तांतरण किंवा वाहतूक केल्यास ती केंद्र सरकार ठरवील त्या अटींच्या अधीन राहील, असा त्याचा आशय आहे. ही दुरुस्ती १ एप्रिल २०२३ पासून अमलात आली. ‘धार्मिक’ हा शब्द कायद्यात आल्याने देवस्थानांना दिलासा वाटला. ‘अन्य कोणत्याही’ हे शब्द आल्याने वन्यजीव अभ्यासकांना धास्ती वाटली, कारण एवढ्या सैल शब्दांतून धर्माच्या नावाखाली चोरटा व्यापारही पार होऊ शकतो. ही धास्ती मला अवाजवी वाटत नाही. जंगलातून पकडलेले पिल्लू जुन्या हत्तीच्या कागदांवर खपवणे हा या व्यवहारातील जुना रोग आहे आणि ‘देवाला अर्पण’ म्हटले की सहसा कोणी खोलात जात नाही.

अटी काय आहेत

केंद्र सरकारने त्या अटी १४ मार्च २०२४ रोजी पाळीव हत्ती (हस्तांतरण किंवा वाहतूक) नियमांच्या रूपाने जाहीर केल्या. त्यानुसार तीन परिस्थितींमध्ये हत्ती दुसऱ्याकडे देता येतो. मालकाला हत्ती सांभाळणे शक्य राहिलेले नाही, किंवा नव्या ठिकाणी त्याची देखभाल आजच्यापेक्षा चांगली होईल, किंवा त्या प्रकरणाची परिस्थिती पाहून राज्य सरकारला तसे करणे योग्य वाटते. यातील तिसरे कारण फार मोकळे आहे आणि नियमांचा कमकुवत दुवा तोच आहे, असे माझे मत आहे.

अर्ज जातो तो हत्ती जिथे नोंदलेला आहे त्या भागाच्या उपवनसंरक्षकाकडे. उपवनसंरक्षकाने प्रत्यक्ष जाऊन हत्ती आणि त्याला ठेवण्याची जागा पाहायची, पशुवैद्यकाकडून तपासणीचा अहवाल घ्यायचा आणि आपल्या अभिप्रायासह प्रकरण मुख्य वन्यजीव रक्षकाकडे पाठवायचे, असा हा क्रम आहे. हत्ती दुसऱ्या राज्यात जाणार असेल तर तिकडच्या मुख्य वन्यजीव रक्षकाचाही प्रश्न येतो, कारण तिथली जागा योग्य आहे की नाही हे कोल्हापुरात बसून ठरवता येत नाही. सर्वांत महत्त्वाची अट हत्तीच्या जनुकीय ओळखीची आहे. हत्तीचा डीएनए तपासून ती माहिती पर्यावरण मंत्रालयाच्या संगणकीय प्रणालीत नोंदलेली असल्याशिवाय हस्तांतरणाची परवानगी मिळत नाही. कागदावरची ‘लक्ष्मी’ आणि ट्रकमधली ‘लक्ष्मी’ एकच आहे का, हे पूर्वी दातांवरून, कानाच्या कडेवरून आणि शेपटीच्या केसांवरून ठरवावे लागे. पुढे कातडीखाली मायक्रोचिप आली. डीएनएची नोंद मात्र कोणाला बदलता येत नाही आणि मृत हत्तीच्या प्रमाणपत्रावर दुसरा हत्ती फिरवण्याची वाट त्यामुळे बरीच अरुंद झाली आहे.

प्रवासाच्या अटी त्यामानाने कोणालाही पटतील अशा आहेत. हत्ती रस्त्याने किंवा रेल्वेने प्रवास करण्यास योग्य आहे आणि त्याला संसर्गजन्य रोगाची लक्षणे नाहीत, असा पशुवैद्यकाचा दाखला हवा. संसर्गजन्य आजार असेल तर विलगीकरणाचा काळ पूर्ण झाल्यावरच त्याला हलवता येते. बरोबर माहूत आणि मदतनीस हवा. चढवण्याआधी चारापाणी झालेले असावे आणि वाटेतही त्याची सोय असावी. गुंगीचे औषध फक्त बिथरणाऱ्या हत्तीसाठी आणि तेही पशुवैद्यकाच्या सल्ल्यानेच द्यायचे. ही शेवटची अट मोलाची आहे. हत्ती ट्रकमध्ये चढेना म्हणून घाईघाईत सुई टोचली, तर गुंगीतला हत्ती चालत्या गाडीत तोल सांभाळू शकत नाही आणि खाली बसला तर स्वतःच्याच वजनाने त्याची छाती दबते.

परवानगी आहे की नाही याची जबाबदारी फक्त मालकावर येते, असेही नाही. कलम ४८-अ प्रमाणे वाहतूक करणाऱ्यानेही परवानगी घेतली असल्याची खात्री केल्याशिवाय वन्यप्राणी गाडीत घ्यायचा नाही. म्हणजे ‘भाडे मिळाले, गाडी काढली’ हे उत्तर ट्रकमालकाला चेकनाक्यावर वाचवत नाही. पहिल्या अनुसूचीतील प्राण्याबाबतच्या गुन्ह्याला किमान तीन आणि कमाल सात वर्षांची कैद आणि किमान २५ हजार रुपयांचा दंड अशी तरतूद आहे. शिवाय हत्ती एका राज्यातून दुसऱ्या राज्यात नेल्यावर तीस दिवसांच्या आत तिथल्या मुख्य वन्यजीव रक्षकाला किंवा अधिकृत अधिकाऱ्याला कळवण्याचे बंधन कलम ४३ मध्ये वेगळे आहे. अनेकांना हे तीस दिवस म्हणजे ‘आधी न्या, मग कळवा’ अशी मुभा वाटते. ती तशी नाही. पूर्वपरवानगी ही पहिली पायरी आहे आणि नंतर कळवणे ही दुसरी.

ट्रकमधला हत्ती

एवढे कागद कशासाठी, असे ज्यांना वाटते त्यांनी एकदा हत्ती ट्रकमध्ये चढताना पाहावा. पूर्ण वाढलेल्या हत्तिणीचे वजन तीन टनांच्या आसपास असते आणि नर त्याहून बराच जड असतो. गाडी मातीच्या उंचवट्याला लावतात, माहूत आधी स्वतः आत जातो, ऊस किंवा केळीचा घड दाखवतो. हत्ती पुढचा पाय फळीवर ठेवून दाब देऊन पाहतो, फळी करकरली की पाय मागे घेतो. शहाणे माहूत इथे घाई करत नाहीत. आत गेल्यावर पाय साखळदंडाने किंवा दोराने बांधले जातात आणि मग प्रत्येक वळणाला, प्रत्येक ब्रेकला तो चारही पायांवर वजन इकडून तिकडे घेत उभा राहतो. हत्तीचा तळवा जाड गादीसारखा मऊ असतो. ज्या हत्तीचे आयुष्य फरशीवर किंवा सिमेंटवर गेले आहे, त्याच्या तळव्याला आधीच भेगा असतात, नखे वाढलेली असतात, सांधे आखडलेले असतात. नांदणीच्या हत्तिणीबाबत न्यायालयासमोर आलेल्या अहवालांत पायांची आणि सांध्यांची अशीच दुखणी नोंदवलेली होती. अशा पायांवर शेकडो किलोमीटर उभे राहणे म्हणजे काय, हे कळायला पशुवैद्यकाची पदवी लागत नाही. पण ते अधिकृतपणे लिहून ‘जाऊ नये’ असे सांगणारा पशुवैद्यक मात्र लागतो आणि परवानगीच्या प्रक्रियेमुळेच तो त्या हत्तीपर्यंत पोहोचतो.

माझ्या दृष्टीने परवानगीचा खरा अर्थ हाच आहे. अनेक मठमंदिरांतील हत्तींच्या आयुष्यात मालक आणि माहूत यांच्याखेरीज तिसऱ्या कोणी जबाबदारीने त्यांच्या पायांकडे, डोळ्यांकडे आणि कागदांकडे पाहण्याचा प्रसंग या अर्जामुळेच येतो. विनापरवाना प्रवासात केवळ एक दाखला चुकत नाही. ती तपासणीच होत नाही आणि दुखणे पुढच्या वर्षावर जाते.

याचे एक बोलके उदाहरण २०१९ चे आहे. अहमदाबादच्या जगन्नाथ मंदिराच्या रथयात्रेसाठी आसाममधून चार हत्ती रेल्वेने पाठवण्याचे ठरले आणि त्याला आसाम सरकारची परवानगीही मिळाली. प्रवास तीन हजार किलोमीटरहून अधिक, महिना जूनचा, आणि उत्तर भारतात उष्णतेची लाट. कागद पूर्ण होते, पण त्या उन्हात रेल्वेच्या लोखंडी डब्यात कित्येक दिवस काढणे हत्तींना झेपेल का, या प्रश्नाचे समाधानकारक उत्तर कागदांत नव्हते. प्राणिप्रेमींनी आणि लोकप्रतिनिधींनी आवाज उठवला, प्रकरण गुवाहाटी उच्च न्यायालयात गेले आणि वाहतूक थांबली. परवानगीची कागदपत्रे हातात असणे आणि प्रवास हत्तीला सोसणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे त्यावेळी देशाने पाहिले.

पोहोचल्यावर पुढे काय

हत्ती सुखरूप पोहोचला म्हणजे प्रश्न मिटला, असे नाही. वाहतुकीची परवानगी वेगळी आणि उत्सवात उभे करण्याची परवानगी वेगळी. या दुसऱ्या परवानगीबाबत सर्वांत तपशीलवार विचार केरळमध्ये झाला आहे, कारण सर्वाधिक उत्सवी हत्ती तिथे आहेत. केंद्राने २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाला दिलेल्या माहितीप्रमाणे देशात २,४५४ पाळीव हत्ती होते आणि त्यांपैकी निम्म्याहून अधिक आसाम आणि केरळ या दोनच राज्यांत होते. केरळमध्ये मंदिरांचे पूरम असोत, चर्चचे पेरुन्नाळ असोत की दर्ग्यांचे नेर्चा, या सगळ्या उत्सवांत हत्ती असतो. सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०१५ मध्ये तिथल्या देवस्थानांना आपल्या उत्सवांची नोंद जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालील जिल्हा समितीकडे करायला सांगितले आणि हत्तीला क्रूर वागणूक मिळाल्यास मालकाबरोबर उत्सवाचे आयोजकही जबाबदार राहतील, हे स्पष्ट केले.

नोव्हेंबर २०२४ मध्ये केरळ उच्च न्यायालय याच्याही पुढे गेले. उत्सवाच्या एक महिना आधी अर्ज करावा, दोन हत्तींमध्ये किमान तीन मीटर अंतर असावे, हत्ती आणि लोक यांच्यात आठ मीटर, पेटत्या दिवट्यांपासून पाच मीटर आणि आतषबाजीपासून शंभर मीटर अंतर राखावे, असे त्यात होते. प्रवासाचे आकडेही ठरवले होते. पायी तीस किलोमीटरपेक्षा जास्त नेऊ नये, गाडीतून दिवसाला १२५ किलोमीटरपेक्षा जास्त नेऊ नये, गाडीत सहा तासांपेक्षा अधिक ठेवू नये, रात्री दहा ते पहाटे चार या वेळेत प्रवास करू नये आणि रोज किमान आठ तास विश्रांती द्यावी. त्रिशूर पूरम भरवणाऱ्या तिरुवम्बाडी आणि पारमेक्कावू या देवस्वोमांनी, म्हणजे मंदिरांचा कारभार पाहणाऱ्या संस्थांनी, याला आव्हान दिले. पूरमच्या सोहळ्यात दोन्ही बाजूंनी पंधरा-पंधरा हत्ती समोरासमोर उभे राहतात आणि तीन मीटरचे अंतर राखले तर त्या प्रांगणात ते मावणार नाहीत, हा त्यांच्या म्हणण्यातला मुख्य मुद्दा होता. डिसेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने या आदेशाला स्थगिती देऊन राज्याचे २०१२ चे नियम पाळायला सांगितले. त्यामुळे वरचे आकडे आज बंधनकारक नाहीत. तरीही एखाद्या जबाबदार समितीने स्वतःहून ते समोर ठेवले तर कोणताही कायदा तिला अडवत नाही.

अंतराचा हा हिशेब किती गंभीर असतो, ते जून २०२५ मध्ये अहमदाबादच्या रथयात्रेत दिसले. मोठ्या आवाजाने बिथरलेला हत्ती अरुंद रस्त्यावर गर्दीत धावला. त्याआधी फेब्रुवारीत केरळमधील कोयिलांडीजवळच्या एका मंदिरात उत्सवाच्या वेळी हत्ती बिथरून तीन भाविकांचा जीव गेला. ध्वनिवर्धकांच्या भिंती उभ्या करण्याची आपल्याकडची हौस पाहता, महाराष्ट्रातल्या मिरवणुकीत हत्ती आणण्याचा विचार करणाऱ्यांनी आधी या आवाजाचा विचार करावा.

पैशाचा प्रश्न

एक अवघड प्रश्न उरतोच. उत्सवासाठी हत्ती आणला की मालकाला रक्कम दिली जाते, मग तिला देणगी म्हणा, बिदागी म्हणा की भाडे. केरळमध्ये नामांकित हत्तींसाठी देवस्थानांत चढाओढ लागते आणि एका दिवसाचे आकडे लाखांत जातात. कलम ४३ व्यापारी मोबदल्यावर हत्ती देण्यास मनाई करते. मालकांचे म्हणणे असे की ताबा त्यांच्याच माहुताकडे राहतो, त्यामुळे हे हस्तांतरण नव्हे. प्राणिहक्क संघटनांचे म्हणणे असे की हा सरळसरळ व्यापार आहे. मला दुसरी बाजू अधिक पटते, कारण जिथे प्रत्येक दिवसाला किंमत आहे तिथे हत्तीला विश्रांतीचा दिवस देणे मालकाला तोट्याचे होते. पण त्याचबरोबर हेही मान्य करायला हवे की हत्तीच्या रोजच्या वैरणीचा, औषधपाण्याचा आणि माहुताच्या पगाराचा खर्च लहान मठाला पेलणारा नसतो. हा खर्च भागवण्याची दुसरी वाट सरकारने किंवा समाजाने दाखवली नाही, तर हत्ती भाड्याने फिरतच राहणार.

कोल्हापूरचा अनुभव आणि उरलेले काम

कोल्हापूर आणि साताऱ्याकडे हत्तींची नांदणीची ही तिसरी मोठी कहाणी आहे. जोतिबाच्या देवस्थानातील ‘सुंदर’ नावाच्या हत्तीला न्यायालयाच्या आदेशानंतर २०१४ मध्ये बंगळूरजवळच्या बन्नेरघट्टा प्राणी उद्यानात हलवले गेले. साताऱ्याकडच्या औंधचा ‘गजराज’ हा हत्ती २०१७ मध्ये मथुरेच्या हत्ती संगोपन केंद्रात गेला. नांदणीच्या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाने जुलै २०२५ मध्ये हत्तिणीचा चांगल्या जगण्याचा अधिकार धार्मिक वापरापेक्षा वरचा मानला आणि सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय कायम ठेवला. या प्रकरणाची तपासणी केलेली उच्चाधिकार समिती मुळात त्रिपुरा उच्च न्यायालयाने २०२२ मध्ये नेमली होती. मार्च २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तिचे कार्यक्षेत्र देशभर वाढवले. निवृत्त न्यायमूर्ती दीपक वर्मा तिचे अध्यक्ष आहेत. म्हणजे आज पाळीव हत्तीविषयीची तक्रार राज्याच्या वन विभागापाशीच थांबत नाही.

तरीही एक उणीव राहिली आहे आणि ती दूर व्हायला हवी. २०२४ च्या नियमांची रचना मुख्यतः हत्तीचे घर कायमचे बदलण्याचा विचार करून केलेली दिसते. चार दिवसांसाठी उत्सवाला जाऊन परत येणाऱ्या हत्तीसाठी वेगळी, सुटसुटीत आणि कडक पद्धत त्यात नाही. वर्षातून किती फेऱ्या, दोन फेऱ्यांमध्ये किती विश्रांती, परत आल्यावर पुन्हा तपासणी, उन्हाळ्यात प्रवासबंदी, नर हत्ती माजावर असताना पूर्ण मनाई, हे सगळे देशभर एकसारखे लिहिले गेले पाहिजे. पद्धत सुटसुटीत नसेल तर लोक ती टाळतात आणि परवानगी टाळली की तपासणीही टळते.

तोपर्यंत समित्यांनी काही गोष्टी स्वतः कराव्यात. हत्ती ठरवण्याआधी मालकाकडे मालकी प्रमाणपत्र, मायक्रोचिपचा क्रमांक आणि डीएनए नोंदणीचा पुरावा मागावा आणि प्रमाणपत्रावरील नाव, वय व खुणा समोरच्या हत्तीशी जुळतात का ते पाहावे. दोन्ही बाजूंच्या वन विभागांना निदान महिनाभर आधी लिहावे. आरोग्याचा दाखला जुना न स्वीकारता निघण्याच्या वेळचा घ्यावा आणि परतीच्या प्रवासाची तारीख व व्यवस्था आधीच लेखी ठरवावी, कारण उत्सव संपला की सगळे पांगतात आणि थकलेला हत्ती रात्रीच घाईघाईने गाडीत चढवला जातो. सावली, पाणी, मऊ जमीन आणि आवाजापासून दूरची जागा हत्ती येण्याआधी तयार ठेवावी. आणि महाराष्ट्रात रस्त्यावर एखादा हत्ती जखमी पायांनी चालताना किंवा संशयास्पद रीतीने गाडीतून नेला जाताना दिसला, तर वन विभागाच्या १९२६ या क्रमांकावर ठिकाण, वेळ आणि गाडीचा क्रमांक कळवावा, म्हणजे पुढच्या नाक्यावर त्याचे कागद आणि त्याचे पाय दोन्ही तपासता येतील.